घाट गल्लीतला उतार

नगरपरिषदेचा हणमंत मुकादम आमच्या उतारावर लाल फुली मारायला आला, तेव्हा मी त्या उतारावरच होते. सकाळची कामावर निघायची वेळ. तीनचाकी सायकलचा ब्रेक दाबून मी मध्येच थांबले, कारण खाली हणमंत रंगाचा डबा घेऊन उभा होता आणि मान वर करत नव्हता.

"ताई, गाडी जरा पुढं घ्या," तो म्हणाला. "चाकाला रंग लागंल."

मी गाडी गल्लीत घेतली. त्यानं वाकून शहाबादी फरशीवर दोन तिरक्या रेघा ओढल्या आणि उठून भाऊंकडे पाहिलं. साहेबांचा हुकूम आहे, मी माझ्या मनानं काही करत नाही, असं तो दोनदा म्हणाला. भाऊ दारात चहाचा कप घेऊन उभे होते. त्यांनी "बरं" एवढंच म्हटलं. मी मात्र थांबले नाही. गाडीचं हँडल फिरवत थेट एसटी स्टँडवरच्या माझ्या टेलिफोन बूथवर गेले आणि दिवसभर लोकांना नंबर लावून देत राहिले. कुणाला कुठला नंबर लावून दिला, त्यातलं काही त्या दिवशी डोक्यात शिरलं नाही.

या गोष्टीला आता तीस वर्षं होत आली.

भाऊ म्हणजे माझे वडील, रघुनाथ तारळेकर. एसटीच्या डेपोत मेकॅनिक होते, नुकतेच निवृत्त झाले होते. सगळी घाट गल्ली त्यांना भाऊच म्हणायची आणि पाठीमागे अर्जवाले भाऊ म्हणायची. तुंबलेलं गटार, बंद पडलेला दिवा, रस्त्यावर आलेला ओटा, यातलं काहीही दिसलं की भाऊंचा अर्ज नगरपरिषदेत गेलाच. आमची गल्ली बाजारातून निघून कृष्णेच्या घाटावर उतरते. पुराचं पाणी घरात येऊ नये म्हणून तिथली सगळी घरं उंच जोत्यावर बांधलेली, आणि प्रत्येकानं आपल्या जोत्यापुढे थोडा थोडा ओटा काढून, वर पत्रा टाकून गल्ली निम्मी केलेली. भाऊंचं सगळ्यात मोठं भांडण या ओट्यांशी होतं. का, ते ते कधी सांगत नसत.

मला चालता येण्याआधीच पोलिओ झाला. घरात मी हातांवर सरकत फिरायचे. शाळेत भाऊ पाठीवर घेऊन जायचे, ड्यूटीच्या वेळा बदलून घ्यायचे त्यासाठी. दहावी झाली तेव्हा मी त्यांना सांगितलं की आता पाठीवर नाही. मोठी झाले होते, गल्लीतली माणसं बघायची. भाऊंनी आग्रह केला नाही. मग बरीच वर्षं मी घरातच होते. शिवण शिकले, रेडिओ ऐकला, खिडकीत बसले. पुढे एका शिबिरात ही हातानं चालवायची सायकल मिळाली, अपंगांच्या सवलतीतून बूथ मंजूर झाला, आणि भाऊंनी रजा टाकून दारापुढचा हा उतार स्वतः बांधला. जोतं उंच, त्यामुळे उतार लांबलचक झाला आणि चांगला गल्लीत आला. पहिल्या दिवशी मी एकटी खाली उतरले, घाटापर्यंत गेले, नदी बघितली आणि परत आले. आई दारातच उभी होती. तिनं मला भाकरी वाढली.

त्यानंतर वर्षभरातच भाऊंचे इतक्या वर्षांचे अर्ज फळाला आले. साळवी नावाचे नवे मुख्याधिकारी आले, त्यांनी नकाशा काढला आणि दोन दिवसांत घाट गल्लीतले ओटे आणि पत्रे साफ करून टाकले. आमचा उतार मात्र त्यांच्या माणसांनी सोडून दिला. मला बघून सोडला, हे कळत होतं. गल्ली मोकळी झाली. मला सायकल वळवायला ऐसपैस जागा झाली, आणि आमच्याशी बोलणं जवळजवळ सगळ्यांनी सोडलं.

मग समोरच्या महालिंग शेट्यांनी हरकत घेतली. नियम सगळ्यांना सारखा हवा, आमचा ओटा गेला तसा तारळेकरांचा उतारही गेला पाहिजे, असं ते नगरपरिषदेत जाऊन सांगून आले. शेट्यांचं भडंगाचं दुकान होतं. ओट्यावरच्या बाकड्यावर गिऱ्हाइकं बसायची, ते बाकडं आता आत भिंतीला उभं करून ठेवलेलं होतं. त्यांच्या हरकतीची ती फुली होती.

भाऊ त्याच दिवशी साळवींना भेटून आले. साळवी माणूस बरा होता. त्यांनी सांगितलं की उतार आहे नियमाबाहेरच, पण कारण तसं आहे. सोमवारी सुनावणी ठेवतो. गल्लीतल्या कुणाची हरकत राहिली नाही, तर सभेपुढे विषय ठेवून खास परवानगी काढता येईल. तुम्ही फक्त लोकांशी बोलून घ्या, विशेषतः शेट्यांशी.

आई म्हणाली, जाऊन या की समोर. गल्ली ओलांडायची आहे, काशीला जायचं नाही.

"ज्याचा ओटा मी पाडायला लावला, त्याच्या दारात कुठल्या तोंडानं जाऊ?" भाऊ म्हणाले आणि भिंतीकडे तोंड करून पडून राहिले. सोप्यात त्यांची खाट होती. सोपा म्हणजे आमची पुढची खोली, आल्यागेल्याची बसायची जागाही तीच.

भाऊ जाणार नाहीत, हे मला कळून चुकलं. म्हणून दुसऱ्या दिवशी बूथ बंद करून येताना मी आमच्या दाराकडे न वळता समोर वळले.

शेटेमामा कढईत लसूण परतत होते. मला बघून त्यांनी गॅस बारीक केला, पण बाहेर आले नाहीत. ओटा गेल्यानं दुकानाचं दार उघडं पडलं होतं. उंबऱ्याखाली एकदम मांडीइतकी उंची, खाली गल्ली. मला वर जाता येण्यासारखं नव्हतं. मी खालूनच म्हटलं की मामा, सोमवारी सुनावणी आहे.

"ठाऊक हाय," ते म्हणाले. "येणार हाय मी."

दिवसभर बूथवर वाक्यं जुळवली होती, त्यातलं एकही आठवेना. तेवढ्यात आतल्या अंधारातून आवाज आला, "कोण, वैजू का गं?"

ती नीलव्वामामी होती, शेट्यांची बायको.

मी घरात काढलेल्या त्या सगळ्या वर्षांत माझ्या खिडकीसमोर मामी होती. पडून तिच्या कंबरेचं हाड मोडलं होतं, ते धड जुळलं नाही. मामा तिला सकाळी धरून ओट्यावर आणून बसवायचे, ती संध्याकाळपर्यंत तिथं असायची. लसूण सोलायची आणि गल्लीभर बोलायची. मी खिडकीत, ती ओट्यावर, मधून गल्लीची रहदारी. कुणाच्या लेकीला मुलगा झाला, पाणी कुठपर्यंत चढलं, कुणाची म्हैस व्यायली, सगळं मला तिच्याकडून कळायचं. मी पहिलं पोलकं शिवलं ते तिचं. सायकल आल्यावर माझं खिडकीत बसणं संपलं. ओटे गेल्यानंतर मामी दिसेनाशी झाली, तेव्हा ती लेकीकडे मिरजेला गेली असेल असं मी धरून चालले होते.

"मिरजेहून कधी आलात?" मी विचारलं.

"मिरजेला कुठली जातीय," ती आतून म्हणाली. "हितंच हाय. आता खाली बसाय जागा न्हाई, आन् उंबऱ्यावर बसलं की चक्कर येती. हितं पोत्यांच्या मागं बसती. तुझी गाडी गेली की आवाज येतो मला. आज उशीर केलास."

मला ती दिसत नव्हती. पोती दिसत होती, भिंतीला टेकवलेलं बाकडं दिसत होतं. शेटेमामा कढईत बघत उभे होते. मग तेच बोलले.

"गिऱ्हाईक उभं ऱ्हाऊन बी खातंय. त्याचं काय न्हाई. तुझ्या बानं अर्ज द्याच्या आधी येकदा येऊन इचारलं असतं, की ह्या वट्याचं तुला काय हाय, तर मी सांगितलं असतं. इचारलंच न्हाई."

मामी आतून म्हणाली की पोरीला कशाला ऐकवता. मग तिनं मला विचारलं की नदीला पाणी किती आहे आणि घाटावरच्या पिंपळाला पालवी आली का. मी सगळं सांगितलं. पायऱ्या किती उघड्या पडल्यात, धोब्यांनी दोर कुठं बांधलेत, हे तिला नीट दिसेल असं सांगत राहिले. उताराचा विषय मी काढलाच नाही. अंधार पडायला लागला तशी घरी आले.

घरी मी भाऊंना सगळं सांगितलं. त्यांना ठाऊक नव्हतं. ड्यूटीवर सकाळी जायचे, रात्री यायचे. मामी ओट्यावर बसलेली त्यांनी पुष्कळदा बघितली होती, पण दुकानावर लक्ष ठेवायला बायकोला बसवतात तशी बसत असेल, एवढंच त्यांच्या मनात आलेलं. ती तिथून हलू शकत नाही आणि ओटा गेला की तिचं बाहेर येणंच गेलं, हे त्यांच्या लक्षात आलं नव्हतं.

ते खाटेवर येऊन बसले. मग म्हणाले, "तुला पाठीवर घेऊन जायचो तेव्हा तुझे पाय लोंबकळायचे. कुणाच्या पत्र्याला लागायचे, कुणाच्या ओट्याच्या कोपऱ्याला. तू कधी बोलायची नाहीस. घरी आल्यावर तुझ्या आईला पोटऱ्यांवर ओरखडे दिसायचे. पहिला अर्ज मी तेव्हा दिला."

मी बोलत नसे, कारण लागतंय म्हटलं तर ते शाळेत न्यायचे बंद होतील अशी मला भीती वाटायची. हे मी त्यांना त्या दिवशी पहिल्यांदा सांगितलं. त्यांनी मान हलवली. आई स्वयंपाकघरातून ऐकत होती. तिनं भांडी घासायची थांबवली आणि पुन्हा सुरू केली.

सोमवारी सुनावणीला गल्लीतले बरेच लोक आले. नगरपरिषदेचं सभागृह वरच्या मजल्यावर आहे, म्हणून साळवी माझ्यासाठी खाली पोर्चमध्ये आले, खुर्च्या मांडून घेतल्या. त्यांनी विषय वाचून दाखवला आणि कुणाची हरकत असेल तर पुढे येऊन सांगावी असं म्हटलं. लोक एकमेकांकडे बघायला लागले. सगळ्यात आधी शेटेमामा उठले.

"हरकत माझीच हुती," ते म्हणाले. "ती मी मागं घेतो. पोरगीला कामावर जायाला वाट पायजेल." एवढं बोलून ते खाली बसले. भाऊंकडे त्यांनी बघितलं नाही.

साळवींच्या चेहऱ्यावर सुटका झाल्यासारखं दिसलं. आणखी कुणाची हरकत आहे का, असं त्यांनी विचारलं ते केवळ विचारायचं म्हणून. आणि भाऊ उभे राहिले.

"माझी हरकत आहे."

साळवींना वाटलं ऐकण्यात चूक झाली. ते म्हणाले, "तारळेकर, उतार तुमचाच आहे."

"माझा आहे म्हणूनच म्हणतो. रस्ता सगळ्यांचा आहे हे मी इतकी वर्षं तुम्हाला लिहीत आलो. यांच्या बायकोला बाहेर बसायची एकच जागा होती, ती माझ्या अर्जावर गेली. मी बघितलं नाही, विचारलं नाही. आता माझ्या मुलीसाठी म्हणून माझा उतार रस्त्यावर राहायचा आणि त्यांच्या माणसानं पोत्यांमागे बसायचं, हे मला चालणार नाही. उतार मी स्वतः काढतो. तुमची माणसं पाठवू नका."

साळवींनी भाऊंना बसायला सांगितलं, विचार करा म्हणाले, मुदत देतो म्हणाले. भाऊ बसले नाहीत. ते शेट्यांपुढे जाऊन उभे राहिले आणि हलक्या आवाजात काहीतरी म्हणाले. ते मला ऐकू आलं नाही. शेटेमामांनी डोक्यावरची टोपी काढली आणि हातात धरून ठेवली.

घरी येताना भाऊ माझ्या गाडीबरोबर चालत होते. मी रागानं हँडल जोरात फिरवत होते, त्यांना भरभर चालावं लागत होतं.

"मला विचारायचं तरी," मी शेवटी म्हटलं.

ते भरभर पावलं टाकत माझ्या बरोबरीला आले. मग म्हणाले, "तू नको म्हणाली असतीस, तर मला उठता आलं नसतं."

दुसऱ्या दिवशी त्यांनी पहार घेतली आणि स्वतः बांधलेला उतार फोडायला सुरुवात केली. फरश्या उचकटून बाजूला रचल्या, विटा सोडवल्या. मी खिडकीतून बघत होते. त्या खिडकीत बसून मला फार दिवस झाले होते. तो आवाज ऐकत बसणं नको वाटत होतं, पण तिथून हलवत नव्हतं. संध्याकाळी दारापुढे नुसती माती उरली, आणि सायकल खाली गल्लीत भिंतीला लावून ठेवलेली.

बूथ बंद ठेवायचा तर किती दिवस, हा विचार करतच मी सकाळी तयार होऊन दारात आले. भाऊंची पाठ आता मला पेलणारी राहिली नव्हती, हे त्यांनाही कळत होतं आणि मलाही. मला खाली उचलून ठेवायला ते एखादा गडी शोधायला निघाले होते. तोवर शेटेमामा समोरून आले. आमच्या जोत्याला पाठ लावून गल्लीत खाली वाकले.

"चल," ते म्हणाले. "दुकान उघडायचं हाय मला."

पाठीवर जाणार नाही असं मी कधीचं ठरवलेलं होतं. गल्लीत माणसं होती, नळावर बायका होत्या. मी भाऊंकडे बघितलं, आईकडे बघितलं. मग दोन्ही हात शेटेमामांच्या खांद्यांवर टाकले. त्यांच्या सदऱ्याला लसणाचा आणि तेलाचा वास येत होता. त्यांनी मला जपून सायकलवर बसवलं, पाय नीट ठेवले आणि दुकानात निघून गेले. संध्याकाळी मी आले तेव्हा ते दारात थांबलेले होते. रोज सकाळ-संध्याकाळ हे चाललं. एकदाही त्यांनी त्यावर काही बोलून दाखवलं नाही.

इकडे भाऊंनी गवंडी बोलावला आणि सोपा फोडायला काढला. त्यांचा बेत असा होता की उतार गल्लीत न्यायचाच नाही. उंबरा काढायचा, दार रुंद करून गल्लीच्या पातळीपर्यंत खाली घ्यायचं, आणि आतलं जोतं तासून सोप्यातूनच उतार माजघरापर्यंत चढवायचा. सोपा सगळा उतारात जाणार होता. त्यांची खाट स्वयंपाकघरात गेली. आल्यागेल्याला बसवायला जागा राहणार नव्हती. त्याचं आईला काही वाटलं नाही, पण जोत्याचं वाटलं.

"पूर आला तर पाणी सरळ घरात येईल की हो," ती म्हणाली.

"येऊ दे," भाऊ म्हणाले. "तो काय रोज येतो? ही रोज जाते."

आई माती उचलायला घमेलं घेऊन आली. तिसऱ्या की चौथ्या दिवशी शेटेमामाही दुकान दुपारचं बंद करून आले आणि त्यांनी दुसरी पहार उचलली. दोघं म्हातारे समोरासमोर उभे राहून आमचं जोतं फोडत होते आणि कुठली वीट कुठं बसवायची यावर हुज्जत घालत होते. आमचं झालं तसं त्याच गवंड्याला घेऊन भाऊ समोर गेले. दुकानाचा पुढचा गाळा मामांनी आत सरकवला, कढई आणि पोती मागे नेली, आणि त्यांच्या स्वतःच्या हद्दीत, दाराच्या आतल्या अंगाला, उन्हाच्या बाजूला मामीला बसायला एक बुटका ओटा आणि त्याला लागून छोटासा उतार काढला. गल्लीत वीतभरही काही आलं नाही. साळवी एकदा बघून गेले. हणमंत मुकादमानं तिथंच बसून भडंग खाल्लं.

आमचा सोप्यातला उतार वाळला, तेव्हा पहिल्यांदा मीच गाडी घेऊन चढायची असं सगळ्यांनी धरलं होतं. मी नको म्हटलं. मी घरातच थांबले आणि गाडी समोर पाठवून दिली.

शेटेमामांनी मामीला माझ्या सायकलवर बसवलं. तिला हँडल फिरवता येईना, म्हणून ते मागून ढकलत होते. गल्ली ओलांडायला त्यांना बराच वेळ लागला, कारण मामी मध्येच थांबायला सांगत होती. एकदा घाटाकडे वळवायला सांगितलं, नदी बघितली, मग म्हणाली चला. भाऊंनी दार पुरतं उघडून धरलं. मामा ढकलत वर आले, गाडी माजघराच्या तोंडाशी थांबली.

आजवर मामीनं मला खिडकीत पाहिलेलं, किंवा सायकलवर. कमरेपासून वर. घरात मी कशी फिरते हे गल्लीत कुणीच पाहिलेलं नव्हतं. कुणी आलं की मी आधीच एका जागी बसून घ्यायचे आणि ते जाईपर्यंत हलायचे नाही.

मामीनं माजघरभर नजर फिरवली. कोनाडा, शिवणाचं मशीन, खुंटीवरचे कपडे.

"इतकी वरसं बोललो आपण," ती म्हणाली, "आन् तुझं घर आतनं कसं हाय ते ठावंच नव्हतं मला. मागं काय हाय गं?"

"स्वयंपाकघर आहे. मागं परडं आहे, लिंबाचं झाड आहे."

"दाव की."

शेटेमामांनी तिला काखेत धरून उभं केलं. मी दोन्ही हात जमिनीवर टेकले आणि तिच्या पुढे सरकत निघाले. ती माझ्या मागून भिंत धरून, एकेक पाऊल टाकत येत होती. मध्येच तिला दम लागला तशी मी थांबले, ती सावरल्यावर पुन्हा निघाले. असं करत करत मी तिला सगळं घर दाखवलं.